एक वारसा, अनेक दावे

सूरह बकराच्या १८८व्या आयतीत अल्लाहने श्रद्धावंतांना दोन गोष्टींपासून एकाच वेळी रोखले आहे. एकमेकांची संपत्ती अन्यायाने खाऊ नये, ही पहिली. दुसऱ्याच्या संपत्तीचा काही भाग जाणूनबुजून बळकावण्यासाठी प्रकरण न्यायाधिकाऱ्यांपुढे नेऊ नये, ही दुसरी. पुष्कळांना या आयतीत केवळ लाचलुचपतीचा निषेध दिसतो. तो आहेच. परंतु हजरत इब्ने अब्बास (रजि.) यांच्याकडून आलेल्या स्पष्टीकरणात ही आयत आणखी एका माणसाला लागू केली आहे. त्याच्याजवळ दुसऱ्याचा माल आहे, समोरच्याजवळ पुरावा नाही, आणि आपण चुकीचे आहोत हे मनोमन ठाऊक असूनही तो इन्कार करीत वाद लढवीत राहतो. तेव्हा न्यायालयाची पायरी चढणे हा गुनाह नव्हे. कोणत्या हेतूने चढलो, आणि चढल्यावर तेथे काय करीत राहिलो, याचा हिशेब द्यावयाचा आहे.

वाचकहो, आपल्या घराघरांतील वारशाचे तंटे पाहिले तर एक गोष्ट चटकन ध्यानात येते. तंटा एक असतो, पण दावे दोन-तीन असतात. बहिणीने वाटपाचा दावा लावला की भाऊ दुसऱ्या गावच्या न्यायालयात मालकी ठरवून मागतो. तिसरा कोणी तहसील कचेरीत वारस नोंदीला हरकत घेतो. चौथा पोलीस ठाण्यात तक्रार देतो. प्रत्येक ठिकाणी वकीलपत्र वेगळे, तारीख वेगळी, कागद मात्र तेच. वर्षे जातात आणि वाटून घ्यावयाची संपत्ती तारखांतच विरघळत जाते. अशा वेळी यांतील काही कामे थांबवावीत काय, कायदा कोणती थांबवू देतो, आणि त्या थांबण्याकडे मुसलमानाने कोणत्या दृष्टीने पाहावे, याचा अभ्यास आपण या पाठात करू.

अभ्यासासाठी एक घर डोळ्यांपुढे ठेवू. गृहस्थ वारले. मागे पत्नी, दोन मुलगे आणि तीन मुली. आई-वडील त्यांच्या आधीच गेलेले. मिरजेत राहते घर, इचलकरंजीत भाड्याने दिलेले दुकान, तासगाव तालुक्यात थोडी जिरायत जमीन. धाकट्या मुलीने सर्व मिळकतींच्या वाटपाचा दावा सांगलीच्या दिवाणी न्यायालयात दाखल केला. मिळकती वेगवेगळ्या न्यायालयांच्या हद्दीत असल्या तरी त्यांपैकी कोणत्याही एका न्यायालयात सर्वांबद्दल एकच दावा आणता येतो, ही मुभा दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम १७ने दिली आहे. गावोगावी दावे लावण्याची गरजच नसते, हे पुष्कळांना माहीत नसते. सहा महिन्यांनी थोरल्या मुलाने इचलकरंजीत दावा आणला: दुकान वडिलांनी मला हयातीत हिबा करून दिले, मला एकट्याला मालक ठरवावे व इतरांना मनाई हुकूम द्यावा. सांगलीच्या दाव्यातील त्याच्या कैफियतीतही हाच बचाव आहे.

आता पाहा. हिबा झाला की नाही, हा प्रश्न दोन न्यायाधीशांपुढे आहे. तेच साक्षीदार दोन ठिकाणी उभे राहणार. एका ठिकाणी हिबा खरा ठरला आणि दुसऱ्या ठिकाणी खोटा, तर त्या घराने काय करावे? ही अडचण ओळखूनच १९०८च्या दिवाणी प्रक्रिया संहितेत कलम १० घातलेले आहे. त्याचा आशय असा. त्याच पक्षकारांमध्ये, किंवा त्यांच्याकडून हक्क सांगणाऱ्यांमध्ये, आधी दाखल झालेला दावा चालू असेल, त्यातला प्रत्यक्ष व मुख्य वादविषय नंतरच्या दाव्यातही तोच असेल, आणि पहिल्या न्यायालयाला मागितलेली दाद देण्याचा अधिकार असेल, तर नंतरच्या दाव्याची सुनावणी न्यायालयाने पुढे चालवू नये. येथे तारीख पाहिली जाते. कोणाची बाजू खरी, कोण वयाने मोठा, कोणाचा वकील नामांकित, याला या कलमात जागा नाही.

दोन वाद सारखे आहेत हे कशावरून ओळखावे? सर्वोच्च न्यायालयाने २००५ साली निम्हान्स संस्थेच्या प्रकरणात दिलेली कसोटी सोपी आहे. पहिल्या दाव्याचा अंतिम निकाल लागला, तर तो दुसऱ्या दाव्यात पूर्वन्याय म्हणून बंधनकारक ठरेल काय? ठरत असेल तर दुसरा दावा थांबला पाहिजे. आपल्या उदाहरणात सांगलीने हिब्याचा मुद्दा ठरवला की इचलकरंजीत ठरवण्यासारखे फारसे उरत नाही. म्हणून स्थगितीचा अर्ज योग्य. तो द्यावयाचा कोठे, याबाबत लोकांचा हमखास घोटाळा होतो. अर्ज नंतरच्या दाव्याच्या न्यायालयात द्यावयाचा असतो, म्हणजे येथे इचलकरंजीत, आणि सोबत सांगलीच्या दावाअर्जाची, कैफियतीची व निघालेल्या मुद्द्यांची प्रमाणित नक्कल जोडावी. तोंडी सांगून हे काम होत नाही.

उलट क्रम धरून पाहा. भावाचा एकट्या दुकानाचा दावा आधीचा आणि बहिणीचा सर्व मिळकतींच्या वाटपाचा नंतरचा असता, तर घर आणि जमीन यांचा निर्णय भावाच्या दाव्यात होणारच नव्हता. वादविषय अंशतः सारखा असला म्हणजे कलम १०चा आधार डळमळीत होतो. अशा वेळी दोन्ही दावे एका न्यायालयात आणून एकत्र चालवून घेणे शहाणपणाचे. दोन न्यायालये वेगवेगळ्या जिल्ह्यांतील असल्याने त्यासाठी उच्च न्यायालयाकडे जावे लागते. सांगली-कोल्हापूरकडच्या कुटुंबांना त्यासाठी पूर्वी मुंबई गाठावी लागे. १८ ऑगस्ट २०२५पासून कोल्हापुरात मुंबई उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच सुरू झाल्याने ती पायपीट वाचली आहे. माझे मत विचाराल तर घरगुती वाटपात स्थगितीपेक्षा एकत्रीकरण बहुधा अधिक हिताचे असते, कारण त्यात सर्व भावंडे एकाच दालनात, एकाच दिवशी समोरासमोर येतात. तारखेला एकत्र चहा घेतलेली भावंडेही पाहण्यात आहेत.

स्थगितीने काय थांबत नाही, हे ठाऊक असणेही तितकेच आवश्यक आहे. दुसरा दावा रद्द होत नाही. केवळ त्याची सुनावणी थांबते. तात्पुरता मनाई हुकूम, रिसीव्हरची नेमणूक यांसारखे अंतरिम आदेश स्थगित दाव्यातही देता येतात, हे सर्वोच्च न्यायालयाने १९९८ साली इंडियन बँकेच्या प्रकरणात स्पष्ट केले आहे. तेव्हा सुनावणी थांबली म्हणून दुकान विकण्यास कोणी मोकळा झाला, असे समजू नये. शिवाय दावा चालू असताना वादातील मिळकत विकली, तर मालमत्ता हस्तांतरण अधिनियमाच्या कलम ५२प्रमाणे घेणाऱ्याला दाव्याचा निकाल बांधतो. महाराष्ट्रात त्यासाठी प्रलंबित दाव्याची नोटीस दुय्यम निबंधकाकडे नोंदवण्याची तजवीज आहे. वकिलांना त्याबद्दल आवर्जून विचारावे.

तहसील कचेरीतील फेरफाराचे कामही कलम १०ने थांबत नाही, कारण हे कलम दिवाणी दाव्यांपुरते आहे. तेथे भिण्याचेही कारण नाही. सात-बारावरील नोंद सारावसुलीसाठी असते. तिने मालकी मिळत नाही आणि जातही नाही, हे न्यायालयांनी अनेकदा सांगितले आहे. तरीही ‘सात-बारावर माझे नाव लागले’ एवढ्यावर जन्मभर निर्धास्त राहिलेले भाऊ आणि ‘माझे नाव नाही’ म्हणून आशा सोडून बसलेल्या बहिणी आपल्यात कमी नाहीत. फौजदारी तक्रारीचा मार्ग वेगळा आहे. हिबानाम्यावरील सही बनावट असल्याची तक्रार दिवाणी दाव्यासोबत चालू राहू शकते. दोहोंपैकी कोणते थांबवावे याचा ठाम नियम नाही. मात्र सर्वसाधारणपणे फौजदारी कामाला आधी वाट द्यावी, असा कल सर्वोच्च न्यायालयाने १९५४ सालीच एम. एस. शेरीफ प्रकरणात दाखवला आहे. सख्ख्या भावावर फौजदारी तक्रार करण्याआधी मात्र दहा वेळा विचार करावा. ते दार एकदा उघडले की घरातल्यांच्या हाताने सहसा बंद होत नाही.

कायद्याचा भाग येथवर. आता शरीअतकडे वळू.

हजरत साद बिन रबीअ (रजि.) उहुदच्या लढाईत शहीद झाले. त्यांच्या पत्नी दोन लहान मुलींना घेऊन प्रेषित मुहम्मद (स.) यांच्याकडे आल्या. मुलींच्या काकाने सारी मालमत्ता ताब्यात घेतली होती आणि मुलींसाठी काहीच ठेवले नव्हते. संपत्तीवाचून त्यांचे विवाह व्हायचे कसे, ही त्या मातेची फिर्याद होती. प्रेषितांनी (स.) त्या क्षणी निर्णय दिला नाही. याबाबत अल्लाह निर्णय देईल, असे सांगून ते थांबले. मग सूरह निसातील वारशाच्या आयती अवतरल्या. प्रेषितांनी (स.) काकाला निरोप पाठवला: दोन मुलींना दोन-तृतीयांश, त्यांच्या आईला एक-अष्टमांश द्यावा, उरेल ते तुझे. चोवीस भाग केले तर मुलींचे सोळा, आईचे तीन आणि सर्व गिळून बसलेल्या काकाचे पाच. हा प्रसंग तिरमिजी व अबू दाऊद यांच्या संग्रहांत हजरत जाबिर (रजि.) यांच्याकडून आलेला आहे.

या प्रसंगातील थांबणे नीट समजून घ्यावे. हक्क कोणाचा किती, हे निश्चित व्हावयाचे होते म्हणून ते थांबणे होते. निश्चित होताच विलंब उरला नाही. काकाला हप्ते मिळाले नाहीत आणि मातेला पुन्हा फेरी घालावी लागली नाही.

हाच विचार हजरत उमर (रजि.) यांच्या न्यायव्यवस्थेत दिसतो. बसऱ्याचे राज्यपाल हजरत अबू मूसा अशअरी (रजि.) यांना त्यांनी लिहिलेले न्यायदानाविषयीचे पत्र प्रसिद्ध आहे, इमाम इब्ने कय्यिम यांनी त्यावर विस्तृत विवेचन केले आहे. त्या पत्रात अशी सूचना आहे की, एखादा पक्षकार आपला पुरावा जवळ नाही असे म्हणत असेल तर त्याला एक मुदत ठरवून द्यावी. मुदतीत पुरावा आला तर त्याला त्याचा हक्क द्यावा, न आला तर निर्णय करून मोकळे व्हावे. थांबण्याला येथे हद्द घातलेली आहे. हजरत उमर (रजि.) यांच्याकडून आणखी एक गोष्ट आलेली आहे. वादी-प्रतिवादींना आपसात समेट करण्यासाठी परत पाठवीत जावे, कारण न्यायाधीशाच्या निवाड्याने मनांत द्वेष साठतो. फकीहांनी हा उपदेश विशेषकरून नातलगांच्या तंट्यांना लावला आहे. निवाडा बरोबर असला तरी हरलेला भाऊ ईदेला घरी येत नाही, हे आपण सर्वांनी पाहिले आहे.

पुढे उस्मानी काळात १८६९ ते १८७६ या वर्षांत हनफी फिकहाच्या आधारे ‘मजल्ला’ ही संहिता तयार झाली. तिच्या कलम १८२६मध्ये न्यायाधीशाला सांगितले आहे की, समेटाची आशा असेल तर पक्षकारांना एक-दोनदा सुलह करण्याचा सल्ला द्यावा. ते मानले तर ठीक, न मानले तर खटला पूर्ण करावा. दोनच कलमांनंतर, १८२८मध्ये, निकालाची सर्व कारणे व अटी पूर्ण झाल्यावर निकाल लांबवणे न्यायाधीशाला जायज नाही, असे म्हटले आहे. संहिता रचणाऱ्यांना माणसाची प्रकृती चांगली ठाऊक असावी. सुलहचे दार उघडले की त्यातून टाळाटाळही आत शिरते, म्हणून दोन्ही कलमे त्यांनी इतक्या जवळजवळ ठेवली.

तर मग आपल्या उदाहरणातील घराकडे परत जाऊ. इचलकरंजीचा दावा थांबला आहे, सांगलीचा चालू आहे. या काळात त्या घराने काय करावे?

आधी तरक्याचा हिशेब. मयताच्या दफनविधीचा खर्च, मग त्याचे कर्ज, मग एक-तृतीयांशाच्या मर्यादेत वसिय्यत असेल तर ती, आणि त्यानंतरच वाटणी. पत्नीचा मेहर द्यावयाचा राहिला असेल तर तेही कर्जच आहे. चाळीस वर्षांच्या संसारात न दिलेला मेहर वाटणीच्या दिवशी कोणालाच आठवत नाही, आणि त्या माउलीला तो मागण्याची लाज वाटते. मुलांनी स्वतःहून तो हिशेबात धरावा. ती मेहेरबानी नव्हे, देणे आहे.

मग वाटे. मुले असल्याने आईचा एक-अष्टमांश. उरलेल्या सात-अष्टमांशात मुलाला मुलीच्या दुप्पट. दोन मुलगे म्हणजे चार एकके, तीन मुली म्हणजे तीन, एकूण सात. म्हणजे प्रत्येक मुलीला एक-अष्टमांश आणि प्रत्येक मुलाला दोन-अष्टमांश. या घराचा हिशेब आठ भागांत सुबकपणे बसतो. सर्वच घरांचा तसा बसत नाही. म्हणून फराइज जाणणाऱ्या आलिमाकडून तो लिहून घ्यावा आणि त्याची प्रत सर्व वारसांना, विशेषतः सासरी असलेल्या बहिणींना, द्यावी. अर्धे तंटे आपला वाटा किती हेच ठाऊक नसल्याने पेटलेले असतात. आपल्या शरीअतमध्ये मृत्यूच्या क्षणीच प्रत्येक वारसाचा हिस्सा त्याचा होतो. भावाने वाटून दिला तर बहिणीचा होतो, असे नाही. सूरह निसाच्या ७व्या आयतीत संपत्ती थोडी असो की पुष्कळ, पुरुषांप्रमाणे स्त्रियांचाही वाटा ठरवून दिलेला आहे.

दुकानाचा प्रश्न राहतो. हिब्यासाठी देणाऱ्याची घोषणा, घेणाऱ्याचा स्वीकार आणि ताबा, या तिन्ही गोष्टी लागतात. भाडे अखेरपर्यंत वडीलच घेत होते काय? पावती कोणाच्या नावाने फाटत होती? हिबा अखेरच्या आजारपणात झाला काय? झाला असेल तर वारसाच्या नावचा असा हिबा इतर वारसांच्या संमतीवाचून टिकत नाही. या प्रश्नांची उत्तरे थोरल्या मुलाला न्यायाधीशाआधी ठाऊक आहेत. हजरत उम्मे सलमा (रजि.) यांनी सांगितलेली हदीस त्याने एकांतात वाचावी. वारशाच्या जुन्या मिळकतींवरून भांडणारे दोघे जण प्रेषितांकडे (स.) आले. पुरावा कोणाजवळच नव्हता. प्रेषितांनी (स.) त्यांना समजावले की, मीही मनुष्य आहे, तुमच्यातला एखादा आपली बाजू अधिक प्रभावीपणे मांडतो, आणि मी ऐकले त्यावरून निर्णय देतो, पण त्या निर्णयाने कोणाला आपल्या भावाचा हक्क मिळाला तर त्याने तो घेऊ नये, कारण तो आगीचा तुकडा आहे. बुखारी व मुस्लिम यांच्या संग्रहांत हा इशारा आहे. अबू दाऊद यांच्या संग्रहात पुढची हकीकतही येते. ते दोघे रडू लागले आणि प्रत्येक जण म्हणू लागला, माझा हक्क याला द्यावा. तेव्हा प्रेषितांनी (स.) त्यांना सांगितले की, आता वाटणी करा, न्याय्य ते शोधा, चिठ्ठ्या टाका आणि मग एकमेकांना माफ करून मोकळे करा.

रडू आल्यावरही वाटणी रद्द झाली नाही, याकडे वाचकांचे लक्ष वेधावेसे वाटते. भावना उचंबळल्या, तरी हिशेब, चिठ्ठ्या आणि माफी हा क्रम राहिला. आपल्याकडे बहुतेकदा उलटे होते. आधी बहिणीला रडवले जाते, मग तिच्याकडून माफी घेतली जाते आणि हिशेब कधीच होत नाही. हक्कसोडपत्रावर सही झाली की त्याला सुलह म्हटले जाते. ‘माहेर हवे की वाटा हवा’ असा प्रश्न टाकून घेतलेली सही सुलह ठरत नाही. हलालला हराम आणि हरामला हलाल करणारी सुलह ग्राह्य नाही, हे हदीसमध्ये आहे आणि हजरत उमर (रजि.) यांच्या त्या पत्रातही आहे.

खरी सुलह मात्र शरीअतने मोकळ्या मनाने मान्य केली आहे. एखादा वारस आपल्या हिश्श्याच्या बदल्यात ठरावीक रक्कम घेऊन तरक्यातून बाहेर पडू शकतो; फिकहात याला ‘तखारुज’ म्हणतात. हजरत अब्दुर्रहमान बिन औफ (रजि.) यांच्या चार पत्नींपैकी एकीने आपल्या हिश्श्याबद्दल, म्हणजे अष्टमांशाच्या एक-चतुर्थांशाबद्दल, ऐंशी हजारांच्या घरातील रक्कम स्वीकारून अशीच सुलह केली होती. रक्कम पाहा. तेथे साडीचोळीवर बोळवण झालेली नव्हती. आपल्या घरातही बहिणींना जमीन कसणे शक्य नसेल तर आजच्या बाजारभावाने, मूल्यांकन करून, त्यांची रक्कम द्यावी. ती द्यावयाची तारीख लिहावी. सहीआधी रक्कम बहिणीच्या स्वतःच्या खात्यात जमा व्हावी.

अशी तडजोड झाली की ती कागदावर आणण्याचे मार्ग सोपे आहेत. चालू दाव्यात सर्वांच्या सह्यांची तडजोड पुरसीस दाखल केली की न्यायालय त्याप्रमाणे हुकूमनामा करते. राष्ट्रीय लोकअदालतीत तडजोड झाली तर तिचा निवाडा दिवाणी हुकूमनाम्यासारखाच अंमलात येतो, त्यावर अपील नसते आणि भरलेले न्यायालयीन शुल्क परत मिळते. न्यायालयाच्या मध्यस्थी केंद्राकडे प्रकरण पाठवण्याची विनंती कोणत्याही पक्षकाराला करता येते. कुटुंबातील वाटपाचे तंटे मध्यस्थीस योग्य असल्याचे सर्वोच्च न्यायालयाने २०१० साली अफकॉन्स प्रकरणात नमूद केले आहे. तडजोडीत थांबलेल्या दाव्याचाही उल्लेख करून तो काढून घेण्याचे कलम घालावे. नाहीतर इचलकरंजीतील फाइल तशीच पडून राहते आणि दहा वर्षांनी पुतण्याच्या हाती लागते. वारसांत अज्ञान बालक असेल तर त्याच्या वतीने तडजोड करण्यास न्यायालयाची परवानगी लागते. ही अट जाच वाटू देऊ नये. यतीमांचा माल अन्यायाने खाणारे आपल्या पोटात आग भरतात, हे सूरह निसाच्या १०व्या आयतीत आलेले आहे.

आणि सुलह झालीच नाही तर? बहुतेक घरांची वेळ येथेच कसोटीला लागते, म्हणून थोडे स्पष्ट लिहितो. दुसरा दावा थांबवून घेणाऱ्यावर पहिला दावा चालवण्याची नैतिक जबाबदारी येते. एकीकडे स्थगिती मिळवायची आणि दुसरीकडे दर तारखेला मुदत मागायची, हा जुल्म आहे, मग वकीलसाहेब त्याला युक्ती म्हणोत. पहिल्या दाव्याचे अपील झाले तर थांबण्याचा काळ आणखी लांबू शकतो. तोवर भाडे कोणाच्या खिशात जाते? जो भाऊ दुकानाचे भाडे घेतो त्याच्याकडे इतरांचे हिस्से अमानत आहेत. ते भाडे न्यायालयात किंवा वेगळ्या खात्यात जमा करण्याचा अर्ज बहिणीने द्यावा. भावाने तर अर्जाची वाटही पाहू नये. वंशावळ आणि हिबा यांबद्दल जाणणारी म्हातारी फूफी असेल तर तिची साक्ष लवकर नोंदवण्याची विनंती पहिल्याच दाव्यात करावी. गरज असल्यास कमिशन तिच्या घरी येऊ शकते. न्यायालय वाट पाहते, पण वय पाहत नाही.

वाटपाच्या दाव्यात आधी प्राथमिक हुकूमनामा होतो, त्यात हिस्से ठरतात. मग प्रत्यक्ष वाटणीचा अंतिम टप्पा येतो, आणि सारा भरणाऱ्या शेतजमिनीची वाटणी जिल्हाधिकाऱ्यांमार्फत होते. सर्व सुरळीत चालले तरी हे वर्षांचे काम आहे. रामपूरचे नवाब रझा अली खान १९६६ साली निवर्तले. थोरले पुत्र मुर्तझा अली खान यांचे म्हणणे, गादी माझी म्हणून संपत्तीही माझी. इतर वारसांचे म्हणणे, वाटणी शरीअतप्रमाणे व्हावी. सर्वोच्च न्यायालयाचा निकाल ३१ जुलै २०१९ रोजी लागला: संपत्ती मुस्लिम वैयक्तिक कायद्याप्रमाणे सर्व वारसांत, मुलींसह, वाटली जावी. म्हणजे सूरह निसात जे लिहिलेले होते ते मिळण्यास त्रेपन्न वर्षे लागली. मुर्तझा अली खान तो निकाल ऐकण्यास हयात नव्हते. नवाबांकडे लढण्यासाठी दौलत होती. मिरजेच्या घरात एक आई आहे, तिचा एक-अष्टमांश आहे, आणि तिचे वय सत्तरीपुढे गेलेले आहे.

म्हणून स्थगितीचा अर्ज लिहिताना, किंवा समोरून आलेल्या अर्जाला संमती देताना, आपल्या वकिलांना आणखी दोन गोष्टी लिहावयास सांगाव्या. पहिला दावा ठरावीक मुदतीत निकाली काढण्याची विनंती, ही एक. मध्यस्थीसाठी नेमकी तारीख आणि ती मुदत संपल्यावर साक्षीपुरावा सुरू व्हावा अशी मागणी, ही दुसरी. दोन्ही बाजूंनी सही केलेली अशी पुरसीस असेल तर न्यायालय ती सहसा नाकारत नाही. आणि सांगलीच्या पुढच्या तारखेला जाताना आठ भागांच्या त्या हिशेबाच्या पाच जादा प्रती, आई आणि चार भावंडांसाठी, धाकटीने सोबत घेऊन जाव्यात.